अध्यक्षांच्या न्हाणीघरातले परीक्षक

हे घडले एकोणीसशे एकाहत्तर साली. त्या वर्षी प्राध्यापकांच्या प्रबंधाला नऊ वर्षे झाली आणि बिल्डिंगच्या पाण्याला कुलूप लागून सहा महिने. दोन्हींच्या मागे डोके एकच होते.

प्रबंधाचा विषय होता आधुनिक राज्यसंस्था आणि तिची सत्ता. माणसे एकमेकांच्या उरावर बसू नयेत म्हणून आपापली ताकद एका हाती सोपवतात आणि मग त्या हाताचे निमूट ऐकतात, असे काहीसे त्यात चारशे दहा पानांत सांगितले होते. ती चारशे दहा पाने प्राध्यापकांच्या बायकोने तीनदा टाइप केली होती. राज्यसंस्था हा शब्द नुसता कानावर पडला तरी तिची बोटे दुखत.

बिल्डिंगमध्ये बिऱ्हाडे सहा आणि गच्चीवर टाकी एक. प्रत्येक बिऱ्हाडाच्या नळाला गच्चीवर वेगळा कॉक होता. पाणी पुरत नसे, म्हणून जो आधी वर पोचेल तो बाकीच्या पाचांचे कॉक बंद करून येई. रोजची भांडणे. शेवटी एका रविवारी प्राध्यापकांनी सगळ्यांना आपल्या खोलीत बसवून दीड तास समजावले, की कॉक एकाच माणसाच्या ताब्यात द्या आणि त्याचा शब्द शेवटचा माना. लोकांना मुद्दा पटला की घरी जायची घाई झाली कोण जाणे, पण सगळ्यांनी हात वर केले. सहाही कॉकवर लाकडी पेटी बसली, पेटीला पितळी कुलूप लागले आणि किल्ली गेली तळमजल्यावरच्या निवृत्त हेडक्लार्ककडे. प्राध्यापक अध्यक्ष झाले. त्यांनी एकतीस नियम लिहिले. तेही बायकोनेच टाइप केले.

निवृत्त झाल्यापासून हेडक्लार्कना कुणी काही विचारले नव्हते. किल्ली आली आणि ते पुन्हा रोज दाढी करू लागले. प्रत्येक बिऱ्हाडाला सकाळ-संध्याकाळ अर्धा अर्धा तास पाणी. प्राध्यापकांची वेळ साडेसात ते आठ, त्यांच्यानंतर डेंटिस्टची. मिनिटाचाही फरक होत नसे.

आणि एकोणिसावा नियम असा, की घरात पिंप भरून ठेवू नये. साठा करणे म्हणजे व्यवस्थेवर अविश्वास दाखवणे. इतरांना उदाहरण म्हणून प्राध्यापकांनी सगळ्यात आधी स्वतःच्या घरातले पिंप काढून टाकले होते. त्या दिवशी बायको त्यांच्याशी एक शब्द बोलली नव्हती. ते त्यांच्या लक्षात आले नव्हते.

तोंडी परीक्षेच्या दिवशी बाहेरगावचे परीक्षक प्राध्यापकांकडेच उतरणार होते. आधीच्या दोन उमेदवारांना त्यांनी नापास केले होते. शिवाय डॉक्टरेट मिळाली नाही तर पुढच्या सत्रापासून काम नाही, असे कॉलेजचे पत्र प्राध्यापकांच्या खिशात होते. बायकोने पहाटेपासून घर धुऊनपुसून काढले आणि त्यात होते ते पाणी संपवले. गाडी दोन तास उशिरा आली. आठला सात मिनिटे कमी असताना परीक्षक न्हाणीघरात शिरले. दहाला परीक्षा.

आठच्या ठोक्याला आतून आवाज आला, "अहो! पाणी गेलं! डोळ्यांत साबण आहे माझ्या!"

बायकोने चहासाठी ठेवलेले पातेलेभर पाणी दारातून आत सरकवले. "डोळे तेवढे धुवा, सर. आलेच मी." मग ती नवऱ्याकडे वळली. "उभे काय राहिलात? जा ना खाली!"

तळमजल्यावर हेडक्लार्क कुलूप लावून नुकतेच टेबलाशी बसले होते.

"पाच मिनिटं कॉक उघडा," प्राध्यापक म्हणाले. "परीक्षक साबणात आहेत."

"वाईट वाटलं ऐकून. अर्ज आणलाय?"

"अहो, मी अध्यक्ष आहे!"

"म्हणूनच तर. नियम तेवीस. अध्यक्षांच्या घराला वेळेबाहेर पाणी द्यायचं तर चार बिऱ्हाडांच्या सह्या लागतात. तुमचंच वाक्य आहे, सत्ता आधी स्वतःच्या हातावर मारते."

आपले वाक्य ऐकून प्राध्यापक क्षणभर सुखावले. तोवर बायको मागोमाग खाली आली होती.

"आत्ता कुणाची वेळ आहे?" तिने विचारले.

"डेंटिस्टची."

"ते सगळे गावाला गेलेत! दाराला कुलूप आहे!"

"पाणी चालू आहे, वहिनी. घ्यायचं की नाही हा त्यांचा प्रश्न."

"म्हणजे बंद दाराआड पाणी, आणि आमच्याकडे म्हातारा माणूस फेसात?"

"अगं, तत्त्व म्हणून त्यांचं बरोबर आहे," प्राध्यापक म्हणाले आणि त्यांनी हेडक्लार्कसमोरचा कोरा कागद ओढला. "अर्ज लिहितो मी. विषय काय लिहू?"

बायकोने कपाळाला हात लावला. पुढचे काही ऐकायला ती थांबली नाही. घरात जाऊन तिने बत्ता घेतला आणि जिन्याच्या दोन दोन पायऱ्या चढत गच्ची गाठली. कुलपावर पहिला घाव घालणार, तोच मागून कुणीतरी मनगट धरले. तिसऱ्या मजल्यावर कपडे शिवणाऱ्या मावशी होत्या.

"बत्ता ठेव बाई खाली. कुलूप फुटलं तर तो किल्लीवाला म्हातारा अंथरूण धरेल."

"मावशी, सोडा मला! नऊ वर्षं न्हाणीघरात अडकलीयत माझी!"

"सोडते ना. आधी सरक बाजूला." मावशींनी कमरेचा छोटा स्क्रूड्रायव्हर काढला. शिलाई मशीनसोबत मिळतो तो. पेटीच्या मागच्या बाजूला त्या उकिडव्या बसल्या. बिजागऱ्या बाहेरूनच बसवल्या होत्या. चार स्क्रू निघाले, झाकण मागून उचलले गेले आणि कुलूप पुढे जसेच्या तसे लोंबत राहिले. मावशींनी कॉक फिरवला. खालून न्हाणीघरातून "आलं, आलं!" अशी आरोळी आली.

बायको पेटीकडे बघत राहिली. "तुम्हाला कसं सुचलं हे?"

"सुचायचंय काय? आम्ही सगळ्याजणी रोजच काढतो. दुपारी, तो झोपला की."

"सहा महिने? आणि मला एकीनंही सांगितलं नाही?"

"सरकारच्या बायकोला कोण सांगणार?"

"अहो, सहा महिने मी ओल्या फडक्यानं अंग पुसतेय!"

"तुझी दया यायची गं," मावशी मनापासून म्हणाल्या. "पण विश्वास नव्हता."

दहा मिनिटांनी मावशींनी कॉक बंद करून स्क्रू परत पिळले. साडेआठला सह्यांचा अर्ज घेऊन हेडक्लार्क वर गेले, त्यांनी कुलूप उघडले आणि विधिवत पाणी सोडले. रिकाम्या न्हाणीघरात नळ वाहू लागला.

"पाहिलंस?" प्राध्यापक घामाघूम होऊन म्हणाले. "वेळ लागतो, पण व्यवस्था काम करते."

परीक्षक कोरडे होऊन, भांग पाडून, त्यांच्या मागेच उभे होते. त्यांनी अर्ज हातात घेतला. 'विषय: परीक्षकांच्या अंगावरील साबण काढणेबाबत.' तो दोनदा वाचून त्यांनी घडी घालून खिशात ठेवला.

तोंडी परीक्षेत त्यांनी एकच प्रश्न विचारला. "अर्ज मंजूर व्हायच्या दहा मिनिटं आधी माझी आंघोळ झाली होती. त्या वेळी तुमची राज्यसंस्था कुठे होती?"

नऊ वर्षांत पहिल्यांदाच प्राध्यापक गप्प बसले. पुरती पाच मिनिटे. परीक्षकांनी अहवालात लिहिले, 'उमेदवार विचार करू शकतो,' आणि डॉक्टरेट दिली.

हेडक्लार्क पुढे अकरा वर्षे किल्ली सांभाळत राहिले. त्यांच्या वेळापत्रकाला बिल्डिंगमध्ये कुणी कधी नाव ठेवले नाही. भांडण मिटवायला ते होते आणि पाण्याला बिजागरी होती. ते गेले त्या दिवशी मात्र बायका खरोखरच रडल्या. परीक्षकांनी तो अर्ज शेवटपर्यंत पाकिटात बाळगला, असे त्यांच्या मुलीने नंतर सांगितले. मावशींनी जाताना मशीन सुनेला दिले आणि स्क्रूड्रायव्हर प्राध्यापकांच्या बायकोला.

प्राध्यापकांच्या प्रबंधाचे पुस्तक झाले. तेव्हा चौथ्यांदा टाइप करताना शेवटच्या प्रकरणात बायकोने आपल्या मनाने एक वाक्य घातले, 'कुलपावर पहारा देणाऱ्याला बिजागरी दिसत नाही.' परीक्षणे लिहिणाऱ्यांनी नेमके तेवढेच वाक्य उचलले. प्राध्यापक ते भाषणांत सांगू लागले, निवृत्तीच्या समारंभातही सांगितले. हे कसे सुचले असे कुणी विचारले, की डोळे मिटून म्हणत, "नऊ वर्षांचं चिंतन आहे हो."

आतून बायको विचारी, "चहा टाकू का?"