निमाताईंचं हंगेरियन

निमाताईंना हंगेरियन भाषेतला एक शब्द येत नव्हता. तरीही आमच्या नाशिकच्या फिल्म सोसायटीत हंगेरियन सिनेमांतले सगळे संवाद मराठीत म्हणायच्या त्या निमाताईच. नायिका, तिचा नवरा, पोस्टमन, सगळे.

झालं असं, की नव्वदच्या सुमारास एका हंगेरियन दिग्दर्शिकेचा सिनेमा पत्र्याच्या डब्यांतून एसटीनं पुण्याहून आला, आणि त्याला सबटायटल्सच नव्हती. रविवारची सकाळ, शाळेचा हॉल भरलेला, खिडक्यांना काळे पडदे. मी सोसायटीचा सेक्रेटरी. मला घाम फुटला. डब्यासोबत आलेलं दोन पानी माहितीपत्रक निमाताईंनी माझ्या हातातून ओढलं आणि टॉर्च घेऊन त्या पडद्याशेजारी उभ्या राहिल्या. पडद्यावरच्या नायिकेनं तोंड उघडलं रे उघडलं की इकडून आवाज, "अहो, पण मी काय सांगत्येय ते ऐकाल का जरा?" लोक खूश!

तेव्हापासून ती दिग्दर्शिका 'आमच्या इलोनाबाई' झाली. निमाताई देवळाली कॅम्पच्या शाळेत भूगोल शिकवायच्या. त्यांच्या वर्गातल्या पोरांना नकाशात आपल्याच जिल्ह्यातल्या सटाण्याआधी बुडापेस्ट सापडायचं. दिल्लीच्या दूतावासाला पत्रं लिहून त्या बाईंची बित्तंबातमी मागवायच्या आणि आमच्या इमारतीच्या जिन्यात मला गाठून सांगायच्या, "दहा वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांच्या पटकथा लिहिल्या हो बाईंनी. नाव कुणाचं? त्या बाप्यांचं! चाळिशीत कुठे कॅमेऱ्यामागे उभं राहायला मिळालं."

तिकडचं सरकार बदललं होतं. पुढे सिनेमांना मिळणारा सरकारी पैसा आटला आणि इलोनाबाई जाहिराती करू लागल्या. "साबणाच्या!" हे सांगताना निमाताईंचा चेहरा असा, की जणू त्यांच्याच घरची अब्रू गेली. "पण बाई पुन्हा उभ्या राहणार. लिहून ठेवा."

राहिल्या. सत्तरीत त्यांनी नवा सिनेमा केला. दोन हजार पाच-सहाच्या सुमारास त्याची डीव्हीडी आमच्याकडे आली, ती इंग्रजी सबटायटल्स घेऊनच.

निमाताई टॉर्चमध्ये नवे सेल घालून आल्या होत्या. मी चाचरत म्हणालो, "ताई, या वेळी खाली लिहून येतंय."

"बरंच झालं की. घशाला आराम." एवढं म्हणून त्या शेवटच्या रांगेत जाऊन बसल्या. मला काही ते बघवेना.

दहाएक मिनिटं झाली असतील. देवळ्याहून दर महिन्याला खास येणारे कांद्याचे व्यापारी आबा उठून उभे राहिले. "सेक्रेटरी, ते खालचं लय पळतंय. मला नाय वाचता येत. ताईंना उठवा!"

निमाताईंनी अजिबात आढेवेढे घेतले नाहीत. पण आता पदरचं घालायची सोय नव्हती; खाली येईल तेवढंच सांगायचं. थोड्या वेळानं आबा माझ्या कानाशी लागले. "पूर्वी या इलोनाबाईच्या सिनेमातली माणसं किती बोलायची! आता लय कमी बोलत्यात."

शेवटच्या प्रसंगात एक म्हातारी टेबलाशी एकटीच बसून सूप पिते. चांगली दोन-तीन मिनिटं. कुणी बोलत नाही, खाली एक अक्षर उमटत नाही. आणि अंधारात निमाताईंचा आवाज आला, अगदी हळू.

"कुणी येणार असतं, तर दोन पोळ्या जास्त लाटल्या असत्या."

आबांनी मान डोलावली. पंधरा वर्षं मी आणि ताई एकाच जिन्यावर राहत होतो. इलोनाबाईंचा सगळा जन्म मला पाठ झाला होता, आणि निमाताई रोज कुणाबरोबर जेवतात, हे मी एकदाही विचारलं नव्हतं. मला माझीच लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी आणि बायको न कळवता त्यांच्याकडे जेवायला गेलो. "आधी सांगायची काही पद्धत?" ताईंनी दारातच आम्हाला फैलावर घेतलं, आणि आत जाऊन कणकेचा डबा उघडला.