काय म्हणतो रे तो?

सुरुवातीलाच माफी मागतो. एखाद्या माणसाबद्दल लिहायचं तर लिहिणाऱ्याला भाषा यावी लागते, आणि माझं तसं काही नाही. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. देवरूखजवळच्या आमच्या वाडीत मला अजून पत्र वाचायला बोलावतात, लिहायला नाही. शिवाय ज्यांच्याबद्दल लिहितो आहे त्यांना मी एकदा अगदी चुकीची गोष्ट सांगितली आहे. तेव्हा माझ्यावर किती विश्वास ठेवायचा ते वाचणाऱ्याने ठरवावं. पण भिकाजीकाकांनी मला तीन वर्षं जो वैताग दिला, तो कुठेतरी सांगितल्याशिवाय राहवत नाही.

भिकाजीकाका फाटकातून आत येणाऱ्या माणसाचा घोटा पकडत.

अतिशयोक्ती करत नाही. पायरीच्या डाव्या अंगाला ते उकिडवे बसलेले असत. फाटक कुरकुरलं की हात असा निघे की येणाऱ्याला कळायच्या आत तो अंगणात बसलेला असे. रत्नागिरीला कॉलेजात नाव घालून मी त्यांच्या पडवीतली खोली बघायला आलो, तेव्हा माझ्या डोक्यावर पत्र्याची ट्रंक होती. ती एकीकडे गेली, मी दुसरीकडे.

"मागचा पाय हलका ठेव रे," काका माझा घोटा न सोडता म्हणाले. "कुठल्या गावचा?"

मी गाव सांगितलं. "शिकतोस काय?" "बीए." "मग राहा." तेव्हापासून माझं नाव बीए पडलं. पोस्टमन पत्रं कुंपणाच्या गडग्यावरूनच टाकी. गॅस सिलिंडरवाला रस्त्यातून ओरडे, "काका, दोन्ही हात वर करा, मगच येतो!"

काका तरुणपणी कबड्डी खेळत. जागा डावा कोपरा. पुढे पंचवीस वर्षं त्यांनी बंदरावरच्या बर्फाच्या कारखान्यात लाद्या उचलल्या, पण मनातून ते डाव्या कोपऱ्यातून हललेच नाहीत. एसटीत डाव्या कोपऱ्यात, लग्नाच्या फोटोत डाव्या टोकाला, दवाखान्यात डाव्या भिंतीला. काकी म्हणायची, "लग्नात पण हे माज्या उजव्या अंगाला उभे राहीनात. भटजी कंटाळले."

आयुष्यातल्या सगळ्या अडचणींवर त्यांचा एकच उपाय होता. "घोटा धर. डोकं आपोआप खाली येतं." नगरपालिकेत दाखला मिळत नसेल तर साहेबाकडे जायचं नाही, शिपायाला गाठायचं. फणस उतरवायचा तर देठाकडून. माझं इंग्रजी कच्चं आहे हे कळल्यावर म्हणाले, "मोठे शब्द सोड. बारीक शब्दांचे घोटे धर." मी नापास झालो तो ह्याच पद्धतीने अभ्यास करून, असं माझं प्रामाणिक मत आहे.

इथपर्यंत सहन करता आलं असतं. पण आमच्या आळीत केबल आली, आणि एका सोमवारी पहाटे काकांना टीव्हीवर अमेरिकन फुटबॉल दिसला.

मला दार ठोकून उठवलं. "बीए, ऊठ! अमेरिकेत कबड्डी लागलीय!"

पडद्यावर डोक्याला टोप घातलेली धिप्पाड माणसं एकमेकांच्या अंगावर पडत होती. मध्ये फणसाच्या आठळीच्या आकाराचा एक चेंडू होता. काकांना त्या चेंडूचा फार राग. "ही आठळी कशाला मध्ये? बाकी सगळं बरोबर हाय." कबड्डी कबड्डी असं कुणी म्हणत नाही, हे मी भीत भीत दाखवून दिलं. त्यावर काकांनी मला त्या खेळाडूंच्या दातांमधलं रबर दाखवलं. "तोंडात बोळा कोंबून म्हणतात, म्हणून आयकू येत नाय."

आणि मग तो दिसला. निळ्या टोपवाल्यांच्या संघात, रांगेच्या अगदी डाव्या टोकाला, जर्सीवर आकडा त्र्याण्णव. आठळी फेकणारा माणूस पळायला बघत होता. त्र्याण्णव जमिनीवर आडवा पडला आणि त्याने लांब हात टाकून त्याचा घोटा धरला. फेकणारा तोंडावर आपटला.

काका उभे राहिले. डोळ्यांत पाणी होतं असं मला वाटलं, पण तेव्हा मी झोपेत होतो.

"आपला माणूस!" ते म्हणाले.

त्याचं आडनाव पाठीवर लिहिलेलं असे, पण ते आम्हा दोघांनाही उच्चारता येईना. म्हणून तो त्र्याण्णवच राहिला. त्या दिवसापासून दर मोसमात, दर सोमवारी पहाटे, माझी पाळी. टीव्हीतला माणूस नाकातून भराभर इंग्रजी बोले, आणि काका विचारत, "काय म्हणतो रे तो?" अर्ध्या मिनिटात पुन्हा, "काय म्हणतो रे तो?" साडेसातला माझा तास असे. मी दात घासत असलो तरी, तोंडात फेस असला तरी, "काय म्हणतो रे तो?"

खरं सांगायचं तर मला काहीही कळत नसे. पहिल्या वर्षी मी जवळजवळ सगळं मनानेच सांगितलं. एक शब्द मात्र स्पष्ट ऐकू येई. त्र्याण्णवने फेकणाऱ्याला आडवं केलं की टीव्हीतला माणूस ओरडे, "सॅक!" शब्दकोशात पाहिलं. सॅक म्हणजे पोतं. तसं सांगून टाकलं. काकांना त्यात नवल वाटलं नाही. त्यांच्या काळी स्पर्धेत बोकड मिळे, अमेरिकेत पोतं मिळत असेल. "तांदळाचं असेल काय रे?" एवढंच विचारलं. मग ते आळीभर सांगत सुटले, "आज आमच्या त्र्याण्णवने दोन पोती काढली."

त्र्याण्णवची एकूण कारकीर्द अशी आम्ही पडवीतून पाहिली. पहिल्या मोसमात तो निम्मा वेळ बाकावर असे आणि काका टीव्हीला शिव्या घालत. दुसऱ्या मोसमात त्याची जागा पक्की झाली. एकदा त्याने एका सामन्यात तीन पोती काढली, आणि काकांनी तो डाव काकीला अंगणात करून दाखवला. अंगणात कोकमं वाळत घातली होती. काका त्यांवरून सरपटत गेले ते विहिरीच्या कठड्यालाच थांबले. सदरा लालभडक. काकी म्हणाली, "अमेरिकेत कोण कोकमं वाळत घालत नाय वाटतं!" तिसऱ्या मोसमात त्र्याण्णवच्या गुडघ्याला पट्टा दिसू लागला. तेव्हा काका स्वतःच्या गुडघ्याला नारायण तेल चोळू लागले.

त्याच मोसमातला तो सोमवार. सामना संपत आला होता, निळे थोडक्याने पुढे होते. फेकणारा निसटला. त्र्याण्णवने नेहमीसारखी झेप घेतली आणि दोन्ही हातांनी त्याचा घोटा धरला. इतक्यात वरून दुसरा एक आडदांड कोसळला. फेकणाऱ्याचा पाय गुडघ्यातून बाजूला वळू लागला, जसा माणसाचा पाय वळत नाही तसा.

त्र्याण्णवने हात उघडले.

फेकणारा लंगडत दोन पावलं गेला, त्याने आठळी फेकली, आणि निळे हरले. ते सगळं हळू गतीने पुन्हा पुन्हा दाखवत होते. टीव्हीतला माणूस खूप बोलत होता. मी वाट बघत राहिलो, पण काकांनी विचारलं नाही. त्यांनी उठून टीव्ही बंद केला आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी पोस्टमन चुकून फाटकातून आत आला आणि तसाच पडवीपर्यंत चालत पोचला. घाबरून त्याने मला विचारलं, "काका बरे हायत ना?"

मी काकीला विचारलं. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, "ह्यांनी पण सोडला होता."

तीस वर्षांपूर्वी काका गुहागरकडच्या आपल्या गावात राहत. गावच्या संघाचा कप्तान त्यांचा थोरला भाऊ, सगळे त्याला दादा म्हणत. तालुक्याचा अंतिम सामना, शेवटची चढाई. चढाईला आलेल्या पोराचा घोटा काकांच्या हातात आला. पोराचा पाय जमिनीच्या भेगेत अडकला होता. काकांना हाताखाली काहीतरी करकरल्यासारखं वाटलं आणि त्यांनी सोडून दिला. पोराने मधली रेघ गाठली. गाव हरला. दादा सगळ्यांदेखत म्हणाला, "हात हायत की केळीची सोपटं? माज्या अंगणात पाय ठेवू नको." काका रत्नागिरीला आले ते पुन्हा गेले नाहीत.

"आणि ते पोर?" मी विचारलं.

"तो चालत घरी गेला," काकी म्हणाली. "पण ते कोण बघतंय?"

पुढच्या सोमवारी त्र्याण्णव पडद्यावर नव्हता. काकांनी सगळा सामना उभ्याने पाहिला. मग मला म्हणाले, "बीए, तो तुजा सायबर कॅफे हाय ना? जा. त्याचं काय केलं ते बघून ये." नेहमीचा हुकूम नव्हता. विनंती होती, आणि त्यामुळे मला जास्तच भीती वाटली.

एसटी स्टँडसमोर तेव्हा सायबर कॅफे नवीनच निघाला होता. अर्ध्या तासाने पान उघडलं. चार ओळींची बातमी. बाकीचे शब्द अनोळखी, पण क्रियापद दिसलं आणि माझा जीव भांड्यात पडला. तो शब्द मला पाठ होता. माझ्या कॉलेजच्या अर्जावर फीच्या रकान्यात शिक्का मारलेला असे, 'वेव्ह्ड'. म्हणजे माफ. ती बातमी मी कागदावर उतरवून घेतली आणि जवळजवळ धावत घरी आलो.

"काका, माफ केलं त्याला!"

"कोणी?"

"त्याच्या संघाने."

"तोंडी?"

"लेखी. मंगळवारी."

काकांनी कागद हातात घेतला. त्यांना इंग्रजी वाचता येत नव्हतं, तरी शेवटपर्यंत वाचला. मग म्हणाले, "एवढे पैसेवाले लोक. तरी माफ केलानी." कागद घडी करून सदऱ्याच्या खिशात ठेवला, आणि सकाळच्या पहिल्या एसटीने गुहागरला गेले.

इकडे मी इंग्रजीच्या मॅडमना सहज बातमीतलं ते वाक्य म्हणून दाखवलं. अर्थ बरोबर लावला की नाही एवढंच बघायचं होतं. मॅडम म्हणाल्या, "माफ नाही रे. कॉलेज फीवरचा हक्क सोडतं ना? तसा संघाने ह्याच्यावरचा हक्क सोडला. सोप्या भाषेत, काढून टाकला."

मी पुढचे दिवस कसे काढले ते सांगत नाही. रविवारी संध्याकाळी फाटक वाजलं. काका आले, आणि त्यांच्या मागे एक उंच, वाळलेला म्हातारा, हातात ओल्या सुपाऱ्यांची पिशवी. दादा.

"तुज्या कागदाने आणलान त्याला," काका माझ्या कानात म्हणाले. पण काकीने स्वयंपाकघरात मला वेगळंच सांगितलं, दादाच्याच तोंडून ऐकलेलं. दादाने कागद पाहिला होता आणि "बघतो कोण तुजा तो त्र्याण्णव" एवढंच म्हणून एसटीत बसला होता. "आला, जेवला, सुपारी दिलान. पण माफ केलं म्हणून शब्द काढला नाय. आणि ह्यांचे कान तिकडेच लागलेत."

सोमवारी पहाटे आम्ही तिघे टीव्हीसमोर. दादा मधल्या खुर्चीत, काका डाव्या कोपऱ्यात स्टुलावर. निळ्यांचा सामना सुरू झाला. काका म्हणाले, "दिसेल आता."

दिसला नाही. दादा माझ्याकडे वळला. "कुठाय रे तो?"

मी काकांकडे न बघता सांगितलं. माझं चुकलं, तो शब्द फीसाठीच माफ असा होतो, माणसासाठी नाही. त्याला काढून टाकलं. हातातला घोटा सोडला म्हणून असावं.

काकांचा हात खिशाकडे गेला आणि तिथेच राहिला. मला वाटलं, आता दादा पिशवी उचलून जाणार.

मध्यंतरात इतर सामन्यांमधलं थोडं थोडं दाखवत. त्यात तो फेकणारा आला, दोन्ही पायांवर धावत. आणि त्याच्याबरोबर मागचं ते चित्रही पुन्हा दाखवलं. झेप, घोटा, वरून पडलेला आडदांड, वळत गेलेला पाय, उघडलेले हात. मग पुन्हा धावणारा माणूस.

दादा खुर्चीत पुढे सरकला होता.

"ह्याच्यासाठी काढलानी त्याला?"

"होय," मी म्हणालो.

"मेल्यांना अक्कल नाय." दादाचा आवाज चढला. "पाय मोडत होता त्या माणसाचा, दिसत नाय काय? जन्माचा लंगडा झाला असता. सोडलान ते बरं केलान." आणि मग टीव्हीकडे बघतच, बऱ्याच हळू, "बरंच केलान."

टीव्हीवर जाहिरात लागली होती. काका डाव्या कोपऱ्यात तसेच बसले होते, मान खाली. दादाचं बोलणं त्यांच्या गावचं, त्यांच्या घरातलं, आणि ते त्याच्यापासून जेमतेम दोन हातांच्या अंतरावर बसलेले. तरी त्यांनी मला विचारलं,

"काय म्हणतो रे तो?"

तीन वर्षांत मी त्यांना जे जे सांगितलं, त्यातलं एवढंच मला पुरतं समजलेलं होतं.

"तुम्ही सोडलंत ते बरं केलंत, म्हणतायत," मी म्हणालो.