परत घेतलेले आशीर्वाद

१९१८ च्या जानेवारीत क्वेबेकमधल्या एका फ्रेंच खेड्यातल्या बापांनी आपापल्या मुलांना दिलेले आशीर्वाद परत घेतले आणि पोरं भराभर लहान झाली. तिकडची रीतच अशी, की नववर्षाच्या सकाळी मुलगा गुडघे टेकतो, बाप डोक्यावर हात ठेवतो आणि मगच मुलाला पुढचं वर्ष लागतं. दिलेलं परतही घेता येतं, हे तोवर कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं, एवढंच.

ओर्मिदास सुतार रोखठोक माणूस. युद्ध इंग्रजांचं, हुकूम इंग्रजीत, आणि मरायला मात्र आमची पोरं? जा म्हणावं उडत! वीस पूर्ण झालेल्यांना सक्तीने सैन्यात नेणार असा कायदा आला, तेव्हा त्याचा एकुलता एक तेलेस्फोर बावीसचा होता. बापाने त्याला चुलीपुढे बसवून तीन आशीर्वाद काढून घेतले. पोरगा एकोणीसचा झाला. मिशी तेवढी गेली, त्याचं त्याला फार वाईट वाटलं.

भरतीचा कॅप्टन प्रिंगल आला. त्याने वयं तपासली, मान डोलावली आणि वर कळवलं. आठवड्याभरात मर्यादा अठरावर आली. ओर्मिदासने आणखी दोन काढले. मग सोळा, मग तेरा. शेराला सव्वाशेर चाललं होतं. चर्चमध्ये गायला एकही जाडा आवाज उरला नाही. मार्चात मर्यादा नऊवर आली, तेव्हा आठ वर्षांचा तेलेस्फोर घसरगाडीवरून गावभर हुंदडत होता. ओर्मिदास मात्र बोटांवर मोजत बसला. आठच आशीर्वाद उरले होते, आणि सरकार काही थांबायचं नाव घेईना.

पुढच्या सोमवारी कॅप्टन पुन्हा दारात उभा राहिला. त्याने कागद काढताच ओर्मिदासने मुलाला पोटाशी धरलं. पण हुकूम कॅप्टनच्याच नावाचा होता. माणसं मिळत नाहीत, सबब कॅप्टन प्रिंगल यांनी स्वतः आघाडीवर रवाना व्हावं.

कॅप्टनने टोपी काढून बाकावर ठेवली आणि गुडघे टेकले.

"माझे वडील वारले," तो मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये म्हणाला. "तुम्ही चालाल का?"

नियमाला बापच लागतो. म्हणजे आधी याला मुलगा मानणं आलं, आणि इंग्रजाला मुलगा मानायचं म्हणजे काही खायचं काम नव्हे. ओर्मिदासने त्याचं टक्कल निरखून पाहिलं.

"वय काय तुझं?"

"एकतीस."

ओर्मिदासने बाह्या सरसावल्या.

"तेलेस्फोर," तो म्हणाला, "तुझा दुसरा सदरा आण."