बाब्या, पान वाढलंय

माइक तपासताना सगळं जग “हॅलो, वन, टू, थ्री” म्हणतं. आमचे शेजारी कारखानीस म्हणायचे, “बाब्या, पान वाढलंय, ये लवकर!” तेही स्वयंपाकघरातून गल्लीच्या टोकापर्यंत पोचेल अशा आवाजात. मंडळाचा गणपती असो की मुसफ्फाच्या औद्योगिक वसाहतीतल्या कुठल्या कंपनीची ‘हेल्मेट घाला’ फिल्म, बाब्याला जेवायला बोलावल्याशिवाय यांचं काम सुरू होत नसे.

अबू धाबीच्या मोहम्मद बिन झायद सिटीतल्या एकाच व्हिलात आम्ही वर, ते खाली. एकटेच. हेल्मेटच्या फिल्म बनवायचे ते पोटासाठी. जिवासाठी एकच माहितीपट, इथल्या पोलिश नटांवर.

“पॉलिशवर एवढं काय दाखवणार?” आमच्या ह्यांनी विचारलं.

“अहो, पोलंड! ही मंडळी इथे जाहिरातीत इंग्रज होतात, मॉलमध्ये फ्रेंच, हॉटेलात इटालियन. ती पोलिश कधी होतात, तेवढं मला पकडायचंय.”

पकडायची रीतही खास. आपल्याकडे सदाशिवचा सद्या होतो, तशी त्यांच्यात मॅग्डालेनाची मागदूशा होते. हे घरातलं नाव आधी गप्पांत काढून घ्यायचं आणि पुढे कधीतरी ऐन शूटिंगमध्ये पाठीमागून त्या नावानं हाक मारायची. “वळतानाचा तो चेहरा बघा, वहिनी! नट खलास, माणूस सुरू!”

अशाच एका मॅग्डालेना नावाच्या नटीचं शूटिंग त्यांनी आमच्याच हॉलमध्ये केलं. मी आदल्या दिवशीच यादी केली होती: सोफ्यावर चादर, एसी बंद, चहा तिघांचा. ती इंग्रज मडमेच्या ऐटीत कप उचलत होती, तेवढ्यात स्वयंपाकघरातून कारखानीस ओरडले, “मागदूशा!”

ती वळली. आठ-नऊ वर्षांची पोर वळावी तशी. चहा चादरीवर सांडला. (म्हणून चादर.) ती आधी हसली, मग डोळे पुसत तिनं इंग्रजीत विचारलं, “आणि मघाशी माइकवर ओरडलात, तो बाब्या कोण?”

“साउंडचा माणूस आहे. येईल,” कारखानीस म्हणाले.

मी चौथा कप काढला. कोणी आलं नाही.

उन्हाळ्यात मिरजेला त्यांची थोरली बहीण गेली. ते जाऊन आले. मी डबा घेऊन खाली गेले, तर म्हणाले, “खलास, वहिनी. घरातलं हाक मारणारं शेवटचं माणूस होतं.” डबा मात्र दुसऱ्या दिवशी घासूनपुसून परत.

पुढच्याच आठवड्यात मंडळाचा कार्यक्रम होता. मी खुर्च्यांचा हिशेब जुळवत होते. स्टेजवरून कारखानिसांचा आवाज आला, “हॅलो. वन, टू, थ्री.”

कुणाचं लक्षही गेलं नाही. माझा हिशेब चुकला. मला तो चौथा कप आठवला, आणि बाब्या कोण, ते कळलं.

त्या शुक्रवारी त्यांना जेवायला सांगितलं. पानं घेतली, तरी कारखानिसांचा पत्ता नाही. लेक म्हणाली, “मॉम, आय टेक्स्टेड हिम ट्वाइस.”

मी जिन्यात येऊन वाकून पाहिलं. खाली ते आमच्याकडे पाठ करून गाडीवरची वाळू पुसत होते. पुसून झालेलंच पुन्हा पुसत होते. माझ्याहून वयानं मोठा माणूस. म्हटलं, यल्ला, चल, आता मागे फिरायचं नाही.

“बाब्या! पान वाढलंय, ये लवकर!”

फडकं हातातच राहिलं. ते वळले. वळतानाचा हा चेहरा मी आमच्या हॉलमध्ये एकदा पाहिला होता.

मला कायम अहो-जाहो करणारे कारखानीस तिथूनच ओरडले, “आलो गं!”