नानांचं पिसांचं जाकीट

जळगावच्या मे महिन्यात अंगातला बनियनसुद्धा नकोसा होतो. पिंप्राळ्यातले आमचे शेजारी नाना मात्र ओट्यावर बसून पिसांचं लालभडक जाकीट चिमटीचिमटीने फुगवत असत.

दिसेल त्याला हाक. "मास्तर, हात घाला बरं आत! पिसं गरम नसता. ऊब आपल्या अंगाचीच. पिसांतली हवा तिले जाऊ देत नाही." रावेरला जन्मभर केळी लावल्यामुळे त्यांचं सगळं शास्त्र बागेतून येई. "थंडीत घडाले कोरडी पानं गुंडायतो नं आपन? तसंच!"

जाकीट त्यांच्या मुलीचं, कल्पनाचं. नर्स म्हणून ती कॅनडाला निघालेली. पण नवं कापड धुतल्याशिवाय अंगाला लावायचं नाही, म्हणून तिच्या आईने, काकूंनी, ते साबणात भिजवून मोगरीने मनसोक्त बडवलं. आतल्या पिसांचे गोळे झाले आणि जाकीट पार चपटं झालं.

"फुगलं नाही तर हवा नाही, हवा नाही तर पोरगी गारठीन," नाना म्हणाले. "तिकडे दुसरं घेईन नाना," असं कल्पना म्हणाली, तर तिच्याशीच धड बोलेनात. आठ दिवस एकेक गोळा सोडवत बसले.

मग परीक्षा. एक बर्फाचा डबा जाकिटात गुंडाळला, दुसरा उघडाच ठेवला. मी हसलो, "गरम कपड्यात बर्फ?"

"जे ऊब बाहेर जाऊ देत नाही मास्तर, ते आत तरी कसं येऊ देईन?"

दुपारी उघड्या डब्यात पाणी, जाकिटातल्यात बर्फ. नानांनी तो खडखड वाजवत गल्लीभर फिरवला.

कल्पना निघाली त्या दुपारी स्टेशनला न्यायला रिक्षा दारात आली, आणि नाना जाकीट घालून, चेन गळ्यापर्यंत ओढून ओट्यावर बसलेले! घामाच्या नुसत्या धारा.

"नाना, काढा ते. चक्कर येईल."

"थांबा. देयाच्या आधी थोडी ऊब भरून घेतो." मग आवाज खाली आला. "गाडी पाचोऱ्याले पोचेपर्यंत तरी टिकीन."

या माणसाला मी आठ दिवस हसत होतो.

नानांनी जाकीट उतरवून तिच्या हातात दिलं. ती पिशवीत कोंबेल असं मला वाटलं. तिने ते तिथेच अंगात घातलं, चेन वर ओढली आणि रिक्षात बसली.

"लगेच काढू नको वं," नाना म्हणाले.

"नाही काढत, नाना."

रिक्षा कोपऱ्यावर वळली, तेव्हाही ती फुगलेली लाल बाही बाहेर दिसत होती.