खांबाचा दुसरा टेक

बायकोची दहा दिवसांची नवी गाडी स्टंटमास्तरांनी इमारतीच्या फाटकाच्या खांबावर घातली, तेव्हा तिचा वेग चालत्या माणसाएवढाही नव्हता. सव्वीस वर्षं त्यांनी सिनेमात गाड्या पुलावरून उडवल्या होत्या, दोन चाकांवर गल्लीतून काढल्या होत्या. पण गाडी मागे घेताना पिपाणीसारखं कोकलणारं यंत्र त्यांना नवीन होतं. ते बंद करायला मास्तर खाली वाकले आणि मागचा उजवा दिवा फुटला.

आवाज ऐकून सोसायटीचे सेक्रेटरी टूथब्रश तोंडात धरूनच धावत आले.

"काय मास्तर, प्रॅक्टिस वाटतं?"

खरं सांगितलं असतं तर संध्याकाळपर्यंत सगळ्या स्टुडिओत हसं झालं असतं.

"हो ना," मास्तर म्हणाले. "छोटासा सीन आहे."

इथेच घोटाळा झाला. पाच मिनिटांत गॅलऱ्या भरल्या, दहा मिनिटांत खाली खुर्च्या आल्या.

"पोरांनी पाहिलंच नाही हो," सेक्रेटरी तोंड धुऊन परत आले होते. "एकदा होऊन जाऊ दे पुन्हा!"

मास्तरांनी विचार केला. सगळ्यांच्या आग्रहाखातर ठोकली म्हटलं, की बायकोसमोरही निभावून जाईल. मग ते कामालाच लागले. जमिनीवर खडूने खुणा केल्या, मुलांना दोरीमागे बसवलं, आजोबांची खुर्ची चार हात मागे सरकवली आणि गाडी सुसाट मागे घेतली.

खांबापासून चार बोटांवर गाडी थांबली. इतक्या वर्षांचा सराव. ब्रेकवर पाय आपोआपच पडला. दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदा दोन बोटं उरली.

"मघाशी जमलं ते आता का जमेना?" सेक्रेटरी हळहळले.

तेवढ्यात मास्तरांच्या पत्नी, म्हणजे बाई, खाली आल्या. त्या एका शाळेच्या मुख्याध्यापिका. त्या येताच गर्दी आपसूक गप्प झाली.

"अहो, हा काय तमाशा चालवलाय?"

"अगं, लोकांनी आग्रह केला म्हणून..."

"उतरा. आधी उतरा खाली."

बाई गाडीत बसल्या, पदर खोचला, गिअर टाकला. गाडीने मागच्या मागे उसळी घेतली आणि धाडकन खांबावर आदळली. डावा दिवा फुटला, बंपर लोंबकळला.

दोरीमागची मुलं उठून उभी राहिली. मग टाळ्यांचा कडकडाट झाला.

"वा, वहिनी!" सेक्रेटरी ओरडले. "मास्तरांपेक्षा तुमचा हात साफ आहे!"

बाई शांतपणे उतरल्या, सगळ्यांकडे पाहून मान तुकवली आणि लिफ्टकडे निघाल्या. मास्तर मागोमाग. लिफ्टचं दार बंद झालं तसे ते बाईंकडे वळले.

"अगं, माझी अब्रू राखायला स्वतःची नवी कोरी गाडी ठोकलीस?"

बाईंनी मजल्याचं बटण दाबलं.

"हळू बोला," त्या म्हणाल्या. "मी ती पुढे घेत होते."