सातव्या परिच्छेदातला रस्ता

जमिनीच्या चारही हद्दी स्वतःच्या पायांनी चालून आल्याशिवाय आमचे परबकाका त्या कागदावर लिहीत नसत. खरेदीखत असो, वाटणीपत्र असो की कोर्टातला दावा असो. समोरचा पक्षकार "पूर्वेस अमक्याचं कलम, पश्चिमेस तमक्याचा दगडी गडगा" असं घडाघडा सांगू लागला की काका पेनाला टोपण लावत आणि विचारत, "पायांका इचारलंस?" मग उत्तराची वाट न बघता छत्री उचलून एसटी स्टँडकडे चालू लागत.

काका मूळचे माझ्या वडिलांचे कारकून. वडील तालुक्याच्या कोर्टात वकिली करत. ते गेले तेव्हा मला दोन कपाटं भरून फायली आणि परबकाका असा वारसा मिळाला. काकांची बायको फार पूर्वीच गेलेली, मूलबाळ नाही. कोर्टामागे एका खोलीत राहायचे, सत्तरी गाठली होती. बाहेरच्या लोकांसमोर मला "वकीलसाहेब" म्हणायचे आणि दार बंद झालं की "बाबू".

त्यांच्या चालण्याच्या कथा बार रूममध्ये चवीने सांगितल्या जात. एकदा रेडी गावात एका जमिनीच्या दक्षिणेला त्यांना कुत्रा चावला. काकांनी कच्च्या मसुद्यात इमानदारीत लिहिलं, "दक्षिणेस चावरा कुत्रा, त्यापलीकडे सदाशिवाची बाग." वडिलांनी कुत्रा खोडला तेव्हा काका दुखावले. "माका दिसलो तो लिवलंय," म्हणाले. दुसऱ्या एका दाव्यात त्यांनी लिहिलं होतं, "पूर्वेस भिकाजीची म्हैस बांधतात तो फणस." न्यायाधीशांनी विचारलं, म्हैस मेली तर हद्द कोणती समजायची? काका मागच्या बाकावरून उभे राहिले आणि शुद्ध मराठीत म्हणाले, "साहेब, म्हैस मेली आहे. फणस आहे."

मग ई-फायलिंग आलं. आधी काकांच्या हातातलं लिखाण गेलं आणि ते स्कॅनरजवळ बसू लागले. प्रत्येक कागद तळहाताने इस्त्री केल्यासारखा सपाट करून ते काचेवर ठेवत. कोर्टाबाहेरचे टायपिस्ट एकेक करून उठून गेले. पक्षकार तारीख मोबाइलवर बघू लागले, त्यामुळे तारीख विचारायच्या निमित्ताने येऊन तासभर बसणारी माणसंही यायची बंद झाली. काका दारातल्या रिकाम्या बाकाकडे बघत बसायचे. मला ते दिसत होतं, पण मला वेळ वाचल्याचा आनंद जास्त होता हे कबूल करतो.

त्यानंतर मी मसुदे लिहून देणारी कृत्रिम बुद्धिमत्ता विकत घेतली. कागद, नकाशा, उपग्रहाचे फोटो तिला द्यायचे. चहा येईपर्यंत दावा तयार. काकांनी तिचं नाव ठेवलं "पावणो". गावातलं काही ठाऊक नसताना सगळ्यात आधी बोलतो, म्हणून पाहुणा. "पावण्यान चाय घेतल्यान?" असं रोज सकाळी विचारायचे. मी हसायचो. पाहुण्याची मराठी माझ्यापेक्षा चांगली होती, ही गोष्ट मात्र मला आतून बोचायची.

वैशाखात मिठबावची शेवंतीकाकी आली. पंचाहत्तरीची विधवा, घरात एकटी. तिच्या घरापासून रस्त्यापर्यंतची पायवाट दिराच्या बागेतून जायची. दीर वारला, त्याच्या मुलांनी मुंबईहून परस्पर बाग विकली आणि नव्या मालकाने तारेचं कुंपण घालून फाटकाला कुलूप लावलं. काकी रडली नाही. पदराने मान पुसत म्हणाली, "ज्या वाटेन लग्नाची व्हकल होवन इलंय, त्याच वाटेन माका भायर काढा. दुसरा काय मागणा नाय माजा."

काका दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने मिठबावला गेले. "मी येवसर थांब," असं बजावून गेले. मी थांबलो नाही. दुपारपर्यंत पाहुण्याने चोवीस परिच्छेदांचा देखणा दावा लिहून दिला. मी वरवर नजर फिरवली, काकीची सही आदल्या दिवशीच कोऱ्या पानांवर घेऊन ठेवली होती, आणि दावा दाखल करून टाकला. वडील असते तर त्यांनी मला ऑफिसबाहेर काढलं असतं.

संध्याकाळी काका धुळीने भरलेले पाय धुऊन आले आणि दाव्याची प्रत वाचू लागले. सातव्या परिच्छेदावर त्यांचं बोट थांबलं. तिथे लिहिलं होतं, "वादीच्या घराकडे जाण्यासाठी उत्तरेकडून कच्चा रस्ताही उपलब्ध आहे."

"बाबू, ह्यो रस्तो खंयचो?"

"उपग्रहाच्या फोटोत दिसतोय ना, काका. पांढरा पट्टा."

"मेल्या, तो व्हाळ मरे! सुको आसा म्हणान पांढरो दिसता. पावसात थयसून म्हस व्हावान जाता."

मी म्हटलं, बघू, पुढच्या तारखेला दुरुस्त करू. पाहुण्याची चूक म्हणजे माझी चूक, आणि ती त्यांच्यासमोर कबूल करायला मला जड जात होतं.  सातव्या परिच्छेदावरचं बोट उचलायला काकांना बराच वेळ लागला.

आठ दिवसांत समोरच्यांचं उत्तर आलं. त्यांच्या वकिलांनीही तेच फोटो लावले होते. खरी वाट माडांच्या आणि आंब्यांच्या खालून गेलेली, ती आकाशातून दिसणार कशी? दिसत होता तो वहाळ, म्हणजे कोरडा पडलेला ओढा. वर माझ्याच दाव्यातला सातवा परिच्छेद ठळक करून त्यांनी लिहिलं, पर्यायी रस्ता असल्याचं वादी स्वतःच मान्य करते. काकीचा नवरा आणि दीर यांच्यात चाळीस वर्षांपूर्वी झालेल्या वाटणीपत्रातही वाटेचा उल्लेख नव्हता. कुंपण हटवण्याचा आमचा तातडीचा अर्ज नामंजूर झाला. न्यायाधीशांना मी दोष देत नाही. त्यांच्यासमोर मी लिहून दिलेली कबुली होती.

दुरुस्तीचा अर्ज दिला, त्याला तारीख पडली, मग आणखी एक तारीख पडली. तोवर वहाळ भरला आणि काकी घरात अडकली.

श्रावणात ती गेली. मी पोहोचलो तेव्हा पाऊस कोसळत होता आणि गावातले पाचसहा जण फाटकाशी उभे होते. राखणदार बिचारा पुन्हा पुन्हा मालकाला फोन लावत होता आणि फोन लागत नव्हता. किल्ली त्याच्याकडे नव्हती. तासभर वाट बघून शेवटी तिरडी वहाळातून काढली. मांडीभर पाणी, या काठावरून त्या काठावर दोर बांधलेला. पुढच्या दांड्याला खांदा देऊन परबकाका होते. मला त्यांनी बाजूला व्हायला सांगितलं, कारण तळाचे दगड मला ठाऊक नव्हते. त्यांना ठाऊक होते. शेजारचा माणूस म्हणाला, "परब दर आयतवारी येयत. डोक्यार पिशवी घेवन, ह्याच पाण्यातसून. तिची औषधां, तांदूळ." ऑफिसात त्यांनी याचा एक शब्द काढला नव्हता.

काकीची वारस म्हणजे तिची सासरी असलेली मुलगी, तिला दावा पुढे चालवायचा नव्हता. दावा काढून घेत असल्याची लेखी पुरसिस पाहुण्याने लिहिली, मी ती ऑनलाइन भरली आणि मोबाइलवर निरोप आला, दाखल झाली. सगळं मिळून दोन मिनिटं लागली. मी खुर्चीत तसाच बसलो. मला स्वतःची शिसारी आली होती.

"काका, मी कोंडून मारलं तिला," मी म्हणालो.

काका स्कॅनरजवळून उठून माझ्यासमोर येऊन बसले. "तू नाय रे," म्हणाले. "वाटणीपत्र मी लिवलेलंय. जमीन चाललंय, वाट बघलंय, मसुद्यात घातलंय. काकीचो घोव नि तेचो भाव, दोघव माझ्यार खवळले. म्हणाक लागले, भावाभावात वाटेचो कागद करतंस? लोक काय म्हणतले आमका? माका भीड पडली. ती एक ओळ मी खोडलंय, बाबू. आयुष्यात बघलेला नि लिवक नाय, असा तां एकच."

त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. 

मग म्हणाले, "पावण्याक उठय. मी सांगतंय, तू लिव."

ते डोळे मिटून सांगू लागले आणि त्यांची भाषा एकदम कागदाची झाली. "शेवंतीच्या घरापुढच्या खळ्यापासून निघून, पायरी जातीच्या दोन आंब्यांच्या मधून, विहिरीस उजवीकडे ठेवून, एकशे बारा पावलांवर रस्त्यास मिळणारी वाट. सदर वाटेने शेवंतीने केव्हाही, जिवंत अथवा मृत, जावे यावे. तिला कोणी अडवू नये."

टाइप होताच पाहुण्याने विचारलं, हा मजकूर कोणत्या प्रकरणात जोडायचा आहे? मी तो प्रश्न बंद केला.

"तारीख घाल," काका म्हणाले.

"आजची?"

"नाय. वाटणीची."

मी वाटणीपत्र काढून चाळीस वर्षांपूर्वीची तारीख बघितली आणि खाली तीच घातली. खोटी तारीख घातलेला माझ्या हातचा हा एकच कागद. छापून त्यांच्या पुढ्यात ठेवला. काकांनी चष्मा पुसला, मजकूर दोनदा वाचला आणि खाली सही केली.